मूकपटांपासूनच्या सहायक अभिनेत्रीची चित्रपटसूची कशी जुळवावी

आधी तिची सगळी नावं लिहून घ्या. उदाहरणार्थ, हॉलिवूडची अभिनेत्री जेन डार्वेल. तिचं जन्मनाव पॅटी वुडर्ड. जन्मनोंद शोधायची तर तेच लागतं.

मग ‘मूव्हिंग पिक्चर वर्ल्ड’ साप्ताहिकाचे स्कॅन केलेले अंक मीडिया हिस्टरी डिजिटल लायब्ररी या ऑनलाइन संग्रहात चाळा. फिकट छपाईतली अक्षरं संगणक हमखास चुकीची वाचतो, म्हणून आडनावाचा तुकडा टाकूनही शोधा. प्रदर्शनाची आणि कॉपीराइटची तारीख वेगळ्या रकान्यांत ठेवा, नाहीतर एकच चित्रपट दोनदा मोजला जातो.

डार्वेलच्या सूचीत १९१५ ते १९३० ची पोकळी दिसली की चित्रपट हरवले, असं ठोकून देऊ नका. बाई तेव्हा रंगभूमीवर होत्या. सहायक अभिनेत्रीचं ऑस्कर मिळालं ते ‘द ग्रेप्स ऑफ रॅथ’साठी, म्हणजे १९४० च्या चित्रपटाला. सूची मात्र १९६४ च्या ‘मेरी पॉपिन्स’पर्यंत न्या.