हीटिंग बिलाची सरकारी मदत: या चुका टाळा

थंडी पडली की अमेरिकेतल्या मराठी मंडळांच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर एक प्रश्न हमखास येतो: "हीटिंगच्या बिलाला सरकारची काही मदत मिळते का?" मिळते. पण प्रश्न येतो जानेवारीच्या मध्यावर, आणि बहुतेक राज्यांत अर्ज सुरू झालेले असतात ऑक्टोबर-नोव्हेंबरमध्ये. तहान लागल्यावर विहीर खणायची, ती ही अशी.

कमी उत्पन्नाच्या घरांसाठी असलेल्या या योजनेचं नाव ‘लो इन्कम होम एनर्जी असिस्टन्स प्रोग्रॅम’, पण सगळे तिला ‘लायहीप’ म्हणतात. १९८१ च्या कायद्याने ती आली. पैसा केंद्राचा, नियम राज्याचे आणि अर्ज घेणार तुमच्या काउंटीतलं ऑफिस किंवा एखादी संस्था. त्यामुळे न्यूजर्सीत एडिसनला राहणाऱ्या मावशीने सांगितलेला नियम न्यूयॉर्क राज्यात बफलोला राहणाऱ्या भाच्याला लागू पडेलच असं नाही. न्यूजर्सीत अर्ज १ ऑक्टोबर ते ३० जून घेतात, मॅसॅच्युसेट्समध्ये १ नोव्हेंबर ते ३० एप्रिल. न्यूयॉर्कमध्ये योजनेचं नाव नुसतं ‘हीप’. निधी ठरावीक असतो, तो संपला की पात्र असूनही हात हलवत परत यावं लागतं. २०२५ मध्ये केंद्र सरकारचं कामकाज ठप्प झालं, राज्यांना पैसे मिळायला नोव्हेंबर संपत आला आणि पेनसिल्व्हेनियात अर्ज घ्यायलाच डिसेंबर उजाडला. सरकारी काम आणि सहा महिने थांब, हे इथेही आहेच. म्हणून गणपती गेले की कागद गोळा करायचे आणि अर्जाची खिडकी उघडली की पहिल्या आठवड्यात अर्ज टाकायचा.

टाकी कोरडी होईपर्यंत थांबणं

सगळ्यात महागडी चूक हीच. न्यू इंग्लंडमध्ये आणि न्यूयॉर्कच्या उत्तरेकडच्या जुन्या घरांत तळघरात तेलाची टाकी असते, बहुधा २७५ गॅलनची. वर हवेला जागा सोडावी लागते, म्हणून पूर्ण भरली तरी तेल साधारण २५० गॅलनच मावतं. टाकीच्या डोक्यावर प्लॅस्टिकची छोटी नळी असते, तिच्यातली लाल चकती पातळी दाखवते. चकती पाव खुणेवर आली म्हणजे साठ-पासष्ट गॅलन उरले. कडाक्याच्या थंडीत फटीफटींतून वारा येणारं घर दिवसाला सहा-सात गॅलन सहज पितं. म्हणजे हातात नऊ-दहा दिवस.

न्यूयॉर्कमध्ये तेल पाव टाकीच्या खाली गेलं की इमर्जन्सी मदत मागता येते. टाकी रिकामी होण्याची अट नाही. तरी लोक थांबतात. ‘अजून आहे की थोडं.’

मग नेहमीचा प्रकार घडतो. शुक्रवारची संध्याकाळ, बाहेर १० फॅरनहाइट. तेल पेटवून घर तापवणारा बर्नर बंद पडतो. घरातला कर्ता पुरुष तळघरात जातो आणि बर्नरवरचं लाल रीसेट बटण दाबतो. एकदा, दोनदा, पाच वेळा. अर्धवट तेल येत असताना प्रत्येक दाबण्यागणिक त्याचा फवारा आतल्या भट्टीत साचत जातो, आणि शेवटी ठिणगी पडते तेव्हा ते सगळं एकदम पेटतं. काजळी व्हेंटमधून थेट दिवाणखान्याच्या भिंतींवर. अर्ज घेणाऱ्या एजन्सीचा फोन सोमवारपर्यंत व्हॉइसमेलवर. सोमवारी अर्ज, त्यात एक पे-स्टब, म्हणजे पगाराची पावती, कमी. बुधवारी तेल येतं, तरी बर्नर सुरू होत नाही, कारण रिकाम्या टाकीच्या तळाचा गाळ फिल्टरमध्ये अडकलेला आणि नळीत हवा शिरलेली. आता मेकॅनिक बोलवा, फिल्टर बदला, पंपाच्या ब्लीडर व्हॉल्व्हमधून हवा काढा. तोवर बाहेरच्या भिंतीतला स्वयंपाकघराचा पाइप गोठून फुटलेला. पंधरा दिवसांपूर्वी एक फोन केला असता तर यातलं काहीही झालं नसतं.

सवय अशी ठेवा. दर रविवारी टाकीची चकती बघायची. अर्ध्यावर आली की अर्ज भरलेला हवा. पावावर आली की फोन, आणि फोनवर पहिला शब्द ‘इमर्जन्सी’. साधा अर्ज भरून गप्प बसलात तर तो साध्या रांगेत जातो आणि तिथे कित्येक आठवडे लागतात. केंद्राचा कायदा सांगतो की ऊर्जेच्या संकटात ४८ तासांच्या आत आणि जिवाला धोका असेल तर १८ तासांच्या आत काहीतरी मदत झाली पाहिजे. घरात तान्हं बाळ असेल, ऑक्सिजनचं मशीन असेल, ८० वर्षांची आजी असेल तर ते लगेच सांगा. संकोचाची ही जागा नव्हे. पण एक लक्षात ठेवा: घड्याळ सुरू होतं ते अर्ज पूर्ण झाल्यावर. कागद अपुरे असले तर ४८ तास कागदावरच राहतात.

तेल संपलंच तर बर्नरचा स्विच बंद करा. पेट्रोलपंपावरून पिवळ्या कॅनमध्ये पाच गॅलन डिझेल आणा. घरगुती हीटिंगच्या नेहमीच्या, म्हणजे नंबर दोनच्या तेलावर चालणाऱ्या बर्नरला ते चालतं आणि जेमतेम एक दिवस निघतो. ओतल्यावर दहा मिनिटं गाळ खाली बसू द्या, मग रीसेट एकदाच. नाही पेटलं तर हात जोडून बाजूला व्हा, मेकॅनिकला बोलवा. पेट्रोल कधीही नाही. आणि ओव्हनचं दार उघडं ठेवून घर तापवणं तर नाहीच. गॅसच्या ओव्हनमधून कार्बन मोनॉक्साइड येतो, त्याला ना रंग ना वास.

"दोन स्पेस हीटर लावू, कशाला कटकट" म्हणणाऱ्यांसाठी साधा हिशेब. १,५०० वॅटचा एक हीटर दिवसभर चालला तर ३६ युनिट. २५ सेंट दराने दिवसाला ९ डॉलर, महिन्याला २७०, आणि तापते एकच खोली.

बिलावर एक नाव, कार्डावर दुसरं

आपल्या लोकांची ही खास चूक. पासपोर्टवर नाव, वडिलांचं किंवा नवऱ्याचं नाव आणि आडनाव. सोशल सिक्युरिटी कार्डवर मधलं नाव पहिल्याला चिकटलेलं. गॅसच्या बिलावर मधलं नाव गायब. त्यात विश्वासराव एका ठिकाणी ‘व्ही’ने आणि दुसऱ्या ठिकाणी ‘डब्ल्यू’ने. तुम्हाला ते एकच माणूस वाटतात, पण अर्ज तपासणाऱ्या केसवर्करसमोर फाइलमध्ये तीन माणसं असतात, आणि फाइल बाजूला पडते.

याहून अवघड म्हणजे बिल गेलेल्या माणसाच्या नावावर असणं. काकांना जाऊन तीन वर्षं झाली, बिल अजून काकांच्याच नावाने येतं, काकू वेळेवर भरतात, कंपनीला तक्रार नाही. मदतीचा अर्ज मात्र काकूंच्या नावाने. मंजूर झालेली रक्कम बहुधा तुमच्या हातात येत नाही, ती थेट गॅस, वीज किंवा तेल कंपनीकडे तुमच्या खाते क्रमांकावर जमा होते. खातंच दुसऱ्याचं असेल तर गाडी तिथेच अडते.

यावर उपाय एकच, आणि तो सप्टेंबरात करायचा. कंपनीला फोन करून, लागला तर मृत्यूचा दाखला पाठवून खातं स्वतःच्या नावावर करून घ्या. नाव बदलताना बहुधा खाते क्रमांकही बदलतो, म्हणून नवं बिल हातात येईपर्यंत थांबा आणि तेच अर्जाला जोडा. बिलावरचा आणि भाडेकरारावरचा पत्ताही जुळवा. एकीकडे ‘अपार्टमेंट २-बी’ आणि दुसरीकडे ‘सेकंड फ्लोअर’ असेल तर प्रश्न येणारच. हिवाळ्यात घर बदलणार असाल तर एजन्सीला आधी कळवा, नाहीतर पैसे बंद केलेल्या खात्यावर जातील आणि ते शोधण्यात मार्च निघेल.

"आईबाबांना उत्पन्नच नाही, त्यांच्या नावाने टाकू"

ही युक्ती दर वर्षी कुणीतरी शोधून काढतं. मुलगा सॉफ्टवेअरमध्ये, आईबाबा ग्रीनकार्डावर त्याच्याच घरात. अर्ज आईबाबांच्या नावाने, कुटुंबात माणसं दोन, उत्पन्न शून्य. हे चालत नाही आणि चालू नये. योजनेत ‘घर’ म्हणजे एकत्र राहणारी आणि ऊर्जेचा खर्च एकत्र करणारी सगळी माणसं. मीटर एक, तर घर एक. उत्पन्न सगळ्यांचं धरतात. लपवलं तर ती सरकारी अर्जावर केलेली खोटी सही आहे, आणि ग्रीनकार्डवाल्याने तो धोका चारपाचशे डॉलरसाठी पत्करणं हा शुद्ध वेडेपणा आहे.

आईबाबा वेगळ्या अपार्टमेंटमध्ये राहतात, बिल त्यांच्या नावाने येतं, तर गोष्ट वेगळी. ग्रीनकार्डधारक या मदतीला पात्र असतात, आणि काही योजनांना लागणारी पाच वर्षांची वाट लायहीपला लागत नाही. नोकरीचा एच-वन, त्यावर आलेल्या कुटुंबाचा एच-फोर, विद्यार्थी व्हिसा किंवा पर्यटक व्हिसावर असलेली माणसं मात्र पात्र नाहीत. घरातलं मूल इथे जन्मलेलं, म्हणजे नागरिक असेल तर त्याच्यासाठी अर्ज करता येतो, पण उत्पन्न आईवडिलांचंही दाखवावं लागतं. ‘पब्लिक चार्ज’ची, म्हणजे सरकारी मदतीवर अवलंबून ठरवून ग्रीनकार्ड नाकारलं जाण्याची भीती अनेकांना असते. २०२२ च्या नियमात ऊर्जामदत त्यात धरलेली नाही. तो नियम रद्द करण्याचा प्रस्ताव नोव्हेंबर २०२५ मध्ये आलेला आहे, तेव्हा ग्रीनकार्डाचा अर्ज प्रलंबित असेल तर आधी इमिग्रेशन वकिलाला विचारा. मंडळातल्या सर्वज्ञ काकांना नको.

उत्पन्नाची मर्यादा राज्यागणिक बदलते. केंद्राचं वरचं टोक म्हणजे दारिद्र्यरेषेच्या १५० टक्के किंवा राज्याच्या मध्यक (मीडियन) उत्पन्नाच्या ६० टक्के, यांतलं जे जास्त असेल ते. २०२५ च्या दारिद्र्यरेषेने दोन माणसांच्या घराला १५० टक्के म्हणजे वर्षाला ३१,७२५ डॉलर. न्यूजर्सी ६० टक्क्यांचा निकष लावतं, तिथे मर्यादा याहून बरीच वर जाते. हा आकडा एकूण पगाराशी ताडायचा, कापून हातात येणाऱ्याशी नव्हे. भारतातली पेन्शन, पुण्याच्या फ्लॅटचं भाडं, एफडीचं व्याज हेही उत्पन्नच. बँकेचं स्टेटमेंट आणि डॉलरमधला हिशेब सोबत लावा. कमाई नसलेल्या प्रौढ मुलासाठी ‘उत्पन्न शून्य’ असं वेगळं लेखी द्यावं लागतं. ते राहिलं की अर्ज परत.

"हिवाळ्यात कनेक्शन कापत नाहीत, मग भरायचं कशाला?"

अर्धं खरं, म्हणून जास्त घातक. न्यूजर्सीत १५ नोव्हेंबर ते १५ मार्च या काळात लायहीपसारखी मदत घेणाऱ्यांचं वीज-गॅस कापता येत नाही. मॅसॅच्युसेट्समध्येही अडचणीतल्या कुटुंबांना याच तारखांचं संरक्षण आहे. कापत नाहीत, म्हणजे माफ करत नाहीत. धरा, महिन्याला २४० डॉलरचं बिल. चार महिने न भरता ९६०. मदतीचे ३५० जमा झाले तरी ६१० शिल्लक. वसंत आला की दारात फुलं आणि पेटीत कनेक्शन कापण्याची शट-ऑफ नोटीस. त्यावर पुन्हा जोडणीची फी, कदाचित डिपॉझिटही.

दर महिन्याला काहीतरी भरा, ५० तर ५०. मदत जमा होऊन बिलावर वजा आकडा दिसला म्हणून भरणं थांबवू नका. तो संपला की कुणी सांगायला येत नाही. न्यूजर्सीत लायहीपच्याच अर्जातून ‘युनिव्हर्सल सर्व्हिस फंड’चाही विचार होतो, त्यातून दर महिन्याला बिलात सूट मिळते. पहिल्यांदाच त्यात येणाऱ्याची ६० डॉलर किंवा जास्त थकबाकी असेल तर ‘फ्रेश स्टार्ट’मध्ये पुढचे बारा महिने नियमित भरल्यास ती माफ होते. न भरणाऱ्याला ही माफी मिळत नाही.

बाकीच्या, थोडक्यात

शट-ऑफ नोटीस रागाने फाडून टाकू नका, इमर्जन्सी अर्जाचा तोच मुख्य पुरावा.

घर गॅसवर तापत असलं तरी विजेचं बिलही जोडा. घर तापवणाऱ्या फर्नेसचा पंखा आणि ठिणगी विजेवर चालते; वीज गेली की गॅस असून घर गार.

हीटिंग भाड्यात धरलेलं आहे म्हणून अर्जच न करणं चूक. बऱ्याच राज्यांत भाडेकरूला रक्कम कमी का होईना मिळते, घरमालकाचं पत्र लागतं.

तेल कंपनी योजनेत नोंदलेली आहे का ते ऑर्डरच्या आधी विचारा, नंतर नाही.

फोनने काढलेला अंधुक, कोपरा कापलेला फोटो अपलोड करू नका. तीस दिवसांचे पे-स्टब म्हणजे सलग सगळे. मधला एक सापडत नाही म्हणून दोनदा तोच लावणारेही आहेत.

अर्जाला फी नसते. "भरून देतो, शंभर डॉलर" म्हणणाऱ्याला नमस्कार करा आणि मदतीची माहिती देणाऱ्या २११ ला फोन लावा, जवळचं ऑफिस ते सांगतात.

मागच्या वर्षी मिळालं म्हणून यंदा आपोआप मिळेल, असं धरून चालू नका. अर्ज दर वर्षी.

नकाराचं पत्र आलं तर ते ड्रॉवरमध्ये टाकू नका. सुनावणी मागण्याचा हक्क कायद्यानेच दिलेला आहे आणि मुदत पत्रावरच छापलेली असते. बऱ्याच वेळा कारण एखादा राहिलेला कागद इतकंच असतं. उत्तर लांबलं तरी सुनावणी मागता येते.

आणि फर्नेसच बिघडला असेल तर क्रेडिट कार्डावर नवा घेण्याआधी एजन्सीला विचारा. अनेक राज्यांत दुरुस्तीला किंवा बदलायला याच योजनेतून पैसे मिळतात, पण घरमालक तुम्ही असायला हवं आणि काम मंजुरीनंतर झालेलं हवं. आधी बसवून मग पावती पुढे केली, तर ती पावती तुमच्याचकडे राहते.