लेलेती खुमालो कशी पाहावी : अभिनय शिकणाऱ्यांसाठी

एकांकिकेच्या तालमीला येणाऱ्या मुलींना मी एक गृहपाठ देते. एक नटी धरा आणि तिची मिळतील तेवढी कामं सुरुवातीपासून पाहा. बहुतेक जणी स्मिता पाटील धरून येतात. स्मिता थोरच, पण तिचं कौतुक आपल्याला इतकं पाठ झालेलं असतं की सिनेमा सुरू व्हायच्या आधीच मान डोलायला लागते. म्हणून हल्ली मी परकी नटी देते, जिची भाषा आपल्याला कळत नाही आणि जिच्याबद्दल घरात कोणी काही बोललेलं नाही. दक्षिण आफ्रिकेची लेलेती खुमालो. रंगमंच, मग सिनेमा, मग रोजची मालिका, मग निर्मिती असा तिचा प्रवास. वाटेत तिच्या हातातलं एकेक हत्यार सुटत गेलेलं दिसतं. आधी मागे नाचणारा समूह जातो, मग गाणं, मग चक्क संवाद. ते गेल्यावर ती काय करते, तेवढंच आपल्याला पाहायचं आहे. पुरस्कारांची यादी पाहत बसू नका.

पाहायच्या आधी थोडी माहिती हवी. लेलेतीचा जन्म १९७० चा, डर्बनच्या उत्तरेला क्वामाशू नावाच्या वस्तीतला. वर्णभेदाच्या राजवटीत केटो मॅनर भागातून काळ्या लोकांना उठवलं आणि ज्या वस्त्यांत नेऊन टाकलं, त्यातली ही एक. गांधीजींचा फिनिक्स आश्रम तिथून फार लांब नाही. लहानपणी ती मुलांच्या नृत्यगटात नाचायची. तिथून म्बोन्गेनी न्गेमा या नाटककाराने तिला उचललं आणि ‘सराफिना!’ या संगीत नाटकाची नायिका केलं. नाटकाचा विषय सोवेटोच्या, म्हणजे जोहान्सबर्गलगतच्या काळ्या लोकांच्या वस्तीतल्या, शाळकरी मुलांचा. आफ्रिकान्स या गोऱ्या राज्यकर्त्यांच्या भाषेतून शिकण्याची सक्ती झाली म्हणून १६ जून १९७६ ला मुलं रस्त्यावर उतरली आणि पोलिसांनी गोळ्या घातल्या, त्या उठावाची सावली या नाटकावर आहे. १९८७ मध्ये ते जोहान्सबर्गच्या मार्केट थिएटरमध्ये उभं राहिलं. हे थिएटर म्हणजे शहरातला जुना इंडियन फ्रूट मार्केट. फळबाजाराचं नाट्यगृह झालं तेही १९७६ च्याच जूनमध्ये, उठावानंतर काही दिवसांत. पुढे नाटक न्यूयॉर्कला गेलं, जानेवारी १९८८ मध्ये ब्रॉडवेवर लागलं आणि तिथे त्याचे ५९७ प्रयोग झाले. लेलेतीला टोनी या ब्रॉडवेच्या नाट्यपुरस्काराचं नामांकन मिळालं तेव्हा ती अठरा वर्षांची होती. तुमच्या एफवायच्या वयाची.

आता पाहायला बसा. पहिल्यांदा ‘व्हॉइसेस ऑफ सराफिना!’ हा १९८८ चा माहितीपट शोधा. त्यात रंगमंचावरचे प्रवेश आहेत आणि मुलामुलींच्या मुलाखतीही. सिनेमा आधी पाहिलात तर नाटक म्हणजे त्याची कच्ची प्रत वाटायला लागेल, म्हणून क्रम पाळा. न्गेमाची तालीम अंगाची होती. त्याआधी त्याने पर्सी म्टवा आणि बार्नी सायमन यांच्यासोबत ‘वोझा अल्बर्ट!’ केलं होतं, ज्यात दोनच नट जवळजवळ रिकाम्या रंगमंचावर डझनावारी माणसं उभी करतात. तीच शिस्त इथे अख्ख्या वर्गाच्या अंगात भिनलेली दिसेल. म्बकांगाचा, म्हणजे तिथल्या काळ्या वस्त्यांतल्या नाचत्या संगीताचा, ठेका सुरू झाला की सगळी पावलं एकत्र पडतात. गर्दीत लेलेतीला शोधा आणि तिची पाळी नसताना ती काय करते ते बघा. आपल्याकडे समूहातल्या मुली आपलं वाक्य येईपर्यंत फोटोला उभ्या राहिल्यासारख्या असतात. ही दुसऱ्याच्या वाक्यावर श्वास घेते. मान, खांदे, गुडघे, सगळं ऐकत असतं.

दुसरा टप्पा, १९९२ चा ‘सराफिना!’ चित्रपट. दिग्दर्शक डॅरेल रूड्ट. निर्मात्यांत अनंत सिंग हे डर्बनचे भारतीय वंशाचे गृहस्थ आहेत. त्यांचं नाव लक्षात ठेवा, पुढे पुन्हा येईल. व्हूपी गोल्डबर्ग शिक्षिका आहे, जॉन कानी मुख्याध्यापक. गाणी आणि दंगलीचे प्रसंग एकदा पाहून सोडून द्या, त्यात शिकण्यापेक्षा भारावून जाणंच जास्त होतं. थांबायचं ते आईच्या प्रसंगांवर. सराफिनाची आई गोऱ्यांच्या घरी मोलकरीण आहे आणि ती भूमिका मिरियम मकेबाने केली आहे. मकेबा गायिका म्हणून जगभर गाजलेली, तीस वर्षांच्या वनवासानंतर १९९० मध्ये मायदेशी परतलेली. तिच्यासमोर कुठलीही पोर दबून गेली असती किंवा उलट जोर लावत बसली असती. लेलेती दोन्ही करत नाही. ब्रॉडवेच्या शेवटच्या रांगेपर्यंत पोचवायची सवय झालेला आवाज ती इथे एका खोलीपुरता करते. हा प्रसंग आवाज बंद करून पाहा, मग चित्र झाकून नुसता ऐका, मग दोन्ही एकत्र. एवढं केल्याशिवाय वहीत काही लिहू नका.

जाता जाता एक गोष्ट, कारण मुलं विचारतातच. याच न्गेमाने २००२ मध्ये डर्बनच्या भारतीयांवर आगपाखड करणारं ‘अमान्दिया’ हे गाणं काढलं आणि तिथल्या प्रसारण तक्रार आयोगाने ते द्वेष पसरवणारं ठरवलं. लेलेतीशी त्याचं लग्न झालं होतं, पुढे घटस्फोटही झाला. २०२३ च्या डिसेंबरमध्ये तो रस्ता-अपघातात गेला. गाणं वाईट होतं आणि नाटक चांगलं होतं. दोन्ही वाक्यं एकाच पानावर लिहिता आली पाहिजेत.

तिसरा टप्पा सगळ्यात मोठा आणि त्याला एक पूर्ण सुट्टीचा दिवस द्या. ‘येस्टर्डे’, २००४. दिग्दर्शक पुन्हा रूड्ट, निर्माते पुन्हा अनंत सिंग, आणि संवाद झुलू भाषेत. परभाषा चित्रपटाच्या ऑस्करसाठी नामांकन मिळालेला हा दक्षिण आफ्रिकेचा पहिला सिनेमा. क्वाझुलू-नाताळच्या खेड्यातली एक बाई, नवरा जोहान्सबर्गला खाणीत, पदरी लहान मुलगी. बाईला एचआयव्ही निघतो. मुलगी शाळेत जाईपर्यंत मरायचं नाही, एवढंच ती ठरवते. दक्षिण आफ्रिकेच्या सरकारने सार्वजनिक दवाखान्यांतून एचआयव्हीची औषधं द्यायला मंजुरी दिली २००३ च्या शेवटी शेवटी, तीही वर्षानुवर्षांच्या टाळाटाळीनंतर. म्हणजे सिनेमा आला तेव्हा प्रेक्षकांत बसलेल्या कितीतरी जणांच्या घरचीच ही गोष्ट होती.

पहिल्या खेपेला सबटायटल बंद ठेवा. मुली कुरकुरतात, ‘ताई, काय कळणार?’ सगळं कळतं. सुरुवातीलाच ती मुलीला घेऊन लांबच लांब रस्त्याने दवाखान्यात चालत जाते. हे चालणं नीट बघा. आजारी बाई दाखवायची म्हटलं की आपण छातीवर हात ठेवतो, खोकतो, धडपडतो. लेलेती नुसती चालते, फक्त पाऊल टाकण्याआधी क्षणभर हिशेब केल्यासारखी थांबते. सोबतच्या पोरीला तो थांबा कळू नये याची काळजीही त्या चालण्यात आहे. दवाखान्यात रांग इतकी मोठी की नंबर लागत नाही, पुढच्या खेपेला या म्हणून सांगतात. त्यावर ती रागवत नाही, रडत नाही. तिच्या जगात हे रोजचं आहे. सराफिना साकारताना मूठ वळून गाणारी हीच मुलगी, हे आठवून तो प्रसंग परत पाहा.

नवरा आजारी होऊन गावी परततो. हॉस्पिटलात खाट नाही, गाव शेजार करायला तयार नाही. मग ती गावाबाहेर पत्रे आणि भंगार गोळा करून त्याच्यासाठी खोपट बांधते. इथे हात पाहा. अभिनयाच्या वर्गात आम्ही ‘कृती खरी करा’ असं घसा कोरडा पडेपर्यंत सांगतो आणि मुलं हवेतल्या हवेत पोळ्या लाटतात. ही पत्रा उचलते तेव्हा त्याचं वजन तिच्या कमरेत दिसतं. ज्या नवऱ्याने आधी तिला मारलेलं असतं, त्याच्यासाठी ती हे करते आहे. आणि त्याबद्दलची क्षमा किंवा त्याग यातलं काहीही ती चेहऱ्यावर आणत नाही. मोठेपणा दाखवायचा मोह आवरणं हे माझ्या मते तिचं सगळ्यात अवघड काम. दुसऱ्या खेपेला सबटायटल लावा आणि पहिल्यांदा लिहिलेल्या नोंदींशी ताडून पाहा.

चौथा टप्पा छोटा आहे. २००५ चा ‘फेथ्स कॉर्नर’. त्यात ती जोहान्सबर्गच्या रस्त्यावर दोन मुलांना घेऊन भीक मागणारी आई आहे. सिनेमा जुन्या मूकपटासारखा, संवादांऐवजी पाट्या आणि फिलिप ग्लासचं संगीत. मला सिनेमा म्हणून तो पुरता पटत नाही, संगीत फार पुढे पुढे करतं. पण मुकाभिनय म्हणजे मोठ्ठे डोळे नव्हेत, हे कळायला पाहाच.

‘हॉटेल रवांडा’ आणि ‘इन्व्हिक्टस’ मधल्या तिच्या भूमिका लहान आहेत. इन्व्हिक्टसमध्ये ती मंडेलांच्या घरचं काम पाहणारी बाई झाली आहे. फक्त तिच्या एन्ट्र्या पाहा आणि पुढे चला.

शेवटी मालिका, आणि इथे नाक मुरडू नका. तुमच्यातल्या निम्म्या जणी उद्या गोरेगावला किंवा कोल्हापूरला मालिकेच्या सेटवरच असणार आहेत. ‘जनरेशन्स’ या मालिकेनंतर २०१५ मध्ये तिने ‘उझालो’ घेतली. ही मालिका क्वामाशूत घडते, म्हणजे नायिका झालेली मुलगी चाळिशी ओलांडून आपल्याच वस्तीत परत आली, या वेळी गुंडाची बायको मान्झुझा होऊन. एसएबीसी या तिथल्या सार्वजनिक प्रसारण संस्थेच्या पहिल्या वाहिनीवर ती देशातली सर्वाधिक पाहिली जाणारी मालिका ठरली. सगळे भाग पाहायला बसलात तर वर्ष जाईल. तिचे सुरुवातीचे चार-पाच भाग घ्या आणि बऱ्याच पुढचे चार-पाच घ्या. मालिकेत प्रसंग पटापट उरकायचे असतात आणि तीच भांडणं परत परत येतात. तेव्हा ती प्रत्येक भांडण कुठल्या वेगळ्या जागेवरून सुरू करते, ते टिपा. बसलेली, पाठमोरी, जेवण वाढताना.

२०१८ ला आलेल्या ‘इम्बेवू’ या मालिकेत ती कॅमेऱ्यापुढे आहे आणि निर्मितीतही, सोबत परत अनंत सिंग. त्याची नामावली पुढे ढकलू नका. कोणाचं नाव कुठे आहे ते वाचा आणि मग तुमच्या गटात लेखन, प्रकाश, पैसा यातलं काय तुम्ही स्वतः सांभाळणार आहात ते पुढच्या तालमीला मला सांगा. वहीसुद्धा आणा. कौतुकाची विशेषणं लिहिलेली पानं मी वाचणार नाही, हात-पाय-श्वासाच्या नोंदी वाचेन.