हँडहेल्डवर ‘मंकी आयलंड’ खेळताय? या चुका टाळा

मे महिन्यात परभणीत दुपारी एक ते पाच रस्त्यावर दिसणारा माणूस एक तर वऱ्हाडी असतो, नाही तर गावात नवा. अशाच एका दुपारी लातूरहून भाच्याचा फोन आला. “मामा, गेम सुरू व्हायलाय, पण गाणंच येईना. मशीन खराब निघालं वाटतं. परत पाठवू का?”

मशीन चांगलं होतं. फाइली अर्ध्या होत्या.

जुने ॲडव्हेंचर गेम (गोष्टीत हिंडत कोडी सोडवायचे) हँडहेल्डवर, म्हणजे खिशातल्या मशीनवर, खेळायचं खूळ आमच्या घरात मीच आणलं, त्यामुळे दुरुस्तीचं खातंही माझ्याकडेच आलं. आतापर्यंतच्या फोनांवरून एक कळलं: गेम अडला की नेमकं काय अडलंय हेच लोक चुकीचं ओळखतात. कोडं सुटत नसलं की मेमरी कार्ड फॉरमॅट करतात, आणि फाइल गायब असली की यूट्यूबवर कोड्याचं उत्तर शोधत बसतात. म्हणून आधी ठरवा, मशीन अडलंय, फाइल अडलीय की आपण.

मालिका नवी असेल त्यांच्यासाठी थोडक्यात. ‘द सीक्रेट ऑफ मंकी आयलंड’ १९९० साली आला. लुकासफिल्म गेम्समधल्या रॉन गिल्बर्ट, टिम शेफर आणि डेव्ह ग्रॉसमन यांचं हे काम. चाच्या व्हायला निघालेल्या गायब्रश थ्रीपवुड नावाच्या बावळट पोराची ही गोष्ट. दुसरा भाग १९९१ चा, तिसरा १९९७ चा, चौथा २००० चा. मग २००९ मध्ये टेलटेल कंपनीने पाच प्रकरणांत एक काढला आणि २०२२ मध्ये ‘रिटर्न टू मंकी आयलंड’ आला. हा शेवटचा निन्टेन्डो स्विचवर सरळ विकत घेऊन खेळता येतो, त्याला खालची कुठलीच झंझट नाही. झंझट आहे ती पहिल्या तीन भागांची, आणि खरी मजाही तिथेच आहे.

फाइल आहे, पण कोणती?

हे जुने भाग हँडहेल्डवर चालतात ते स्कमव्हीएममुळे. २००१ पासून चालू असलेला हा फुकट प्रोग्राम. लोक त्याला एम्युलेटर म्हणतात आणि तिथूनच गोंधळ सुरू होतो. स्कमव्हीएम जुना कॉम्प्युटर उभा करत नाही; गेमचं मूळ इंजिन बाजूला ठेवून स्वतः त्याच्या जागी बसतो आणि गेमच्या डेटा फाइली वाचतो. म्हणजे त्याला सेटअपची फाइल नको, सीडीची इमेज नको, झिप तर नकोच. पहिल्या भागाच्या २५६ रंगांच्या सीडी आवृत्तीसाठी मंकी.००० आणि मंकी.००१ या दोन फाइली एका फोल्डरात सुट्ट्या हव्यात (नावं अर्थात इंग्रजी अक्षरांत). तिसऱ्या भागाला कोमी नावाच्या तीन फाइली आणि रिसोर्स नावाचं अख्खं फोल्डर लागतं. तो भाग दोन सीड्यांवर होता. एकाच सीडीवरचं उतरवलं तर गेम मजेत सुरू होतो, आणि अर्ध्या वाटेवर दुसरी सीडी घाला म्हणतो. घाला आता, कुठं घालता ते!

दुसरा घोटाळा स्पेशल एडिशनचा. २००९ आणि २०१० मध्ये पहिले दोन भाग नव्या चित्रांसह आणि आवाजांसह परत निघाले. आज विकत मिळतात ते हेच. त्यातली भली मोठी पाक फाइल (सगळा माल एकत्र बांधलेली) उचलून कार्डात टाकली तर हँडहेल्डवरच्या जुन्या स्कमव्हीएमला ती ओळखू येत नाही. तिच्या पोटातून क्लासिक, म्हणजे मूळ जुन्या गेमच्या, फाइली आधी पीसीवर वेगळ्या काढाव्या लागतात.

आणि फाइली बरोबर असूनही मशीनच्या यादीत गेम दिसत नसेल, तर नव्वद टक्के वेळा दोष विंडोजचा. पुष्कळ हँडहेल्डना गेमच्या फोल्डरात डॉट स्कमव्हीएम शेपटीची एक छोटी फाइल लागते आणि तिच्यात गेमचा आयडी लिहायचा असतो: पहिल्यासाठी मंकी, दुसऱ्यासाठी मंकी२, तिसऱ्यासाठी कोमी, इंग्रजी लहान अक्षरांत. काही मशीनना त्याआधी स्कम आणि कोलनही (:) लागतं. आपण नोटपॅडमध्ये फाइल करतो आणि विंडोज मागून गुपचूप टीएक्सटी चिकटवतं. शेपट्या लपवलेल्या असल्यामुळे आपल्याला ते दिसत नाही. एक्सप्लोररमध्ये एक्स्टेन्शन दाखवायचा पर्याय आधी चालू करा.

मशीनसोबत ‘दहा हजार गेम’ भरून आलेल्या कार्डावर मात्र भरवसा ठेवू नका. फुकटचं, अर्धवट, कुठल्या आवृत्तीचं ते विकणाऱ्यालाही माहीत नसतं, आणि ते कार्डही बऱ्याचदा इतकं हलकं असतं की सहा महिन्यांत राम म्हणतं. पैसे न घालवता आधी तपासायचं असेल तर ‘बिनीथ अ स्टील स्काय’ घ्या. रिव्होल्यूशनचा १९९४ चा हा गेम कंपनीनंच २००३ मध्ये मोफत केला आणि स्कमव्हीएमच्या साइटवर रीतसर मिळतो. तो चालला तर मशीन ठीक. मग दोष तुमच्या मंकीच्या फाइलींत शोधायचा.

गाणं येईना

भाच्याचं दुखणं हेच. पहिल्या भागाच्या सीडी आवृत्तीत संगीत डेटा फाइलीत नव्हतंच, ते ऑडिओ सीडीसारखं वेगळ्या ट्रॅकमध्ये होतं. ट्रॅक१, ट्रॅक२ अशा नावांनी त्या फाइली त्याच फोल्डरात असाव्या लागतात. नसतील तर गायब्रश मुकाट्याने हिंडतो. फ्लॉपी आवृत्तीत ही भानगड नाही.

दुसरं कारण हौसेचं. कुणीतरी सांगतं की एमटी-३२ लावलं की संगीत भारी वाटतं. खरंय, भारीच वाटतं. पण रोलँडच्या त्या १९८७ च्या यंत्राची नक्कल करायला त्याच्या दोन रॉम फाइली लागतात, त्या स्कमव्हीएमसोबत येत नाहीत; आणि असल्या तरी स्वस्तातल्या प्रोसेसरला हे ओझं झेपत नाही, सूर अडखळतात. निमूट ॲडलिब (जुन्या साउंड कार्डाचा आवाज) निवडा.

माझी तपोवनमधली फजिती

सेव्हची चूक मी स्वतः केली, तीही सणसणीत. मुंबईहून तपोवन एक्स्प्रेसनं परभणीला येत होतो. मनमाड सुटल्यावर मशीन काढलं आणि सेलू येईपर्यंत मान वर केली नाही. अधूनमधून सिलेक्ट आणि आर-वन दाबत होतो. बाकी सगळ्या गेमना त्यानंच सेव्ह स्टेट होतो, म्हणजे गेम आहे तिथंच गोठवून ठेवला जातो. परभणी आलं, बटण दाबून मशीन बंद केलं, बॅग उचलली.

रात्री उघडलं तर काहीच नाही. रेट्रोआर्क या गेम चालवायच्या प्रोग्राममधल्या स्कमव्हीएमला सेव्ह स्टेटची सोयच नाही, हे मला तेव्हा माहीत नव्हतं. इथवर जे झालं ते अजून सावरण्यासारखं होतं, कारण स्कमव्हीएम दर पाच मिनिटांनी शून्य नंबरच्या खणात स्वतःच सेव्ह करत असतो. मी मात्र चिडून नवा गेम सुरू केला. पाच मिनिटं झाली, आणि नव्या गेमचा आपोआप सेव्ह जुन्याच्या उरावर जाऊन बसला. मनमाड ते परभणी, सगळं पाण्यात.

तेव्हा सेव्ह गेमच्या आतूनच करा: स्कमव्हीएमचा मेनू उघडून, स्वतः निवडलेल्या खणात, नाव देऊन. मेनू कोणत्या बटणावर आहे ते पहिल्या दिवशीच शोधून ठेवा. गेम हरवल्यासारखा वाटला तर नवा सुरू करण्याआधी शून्य नंबरचा खण उघडून बघा. आणि यादीतलं गेमचं आयडी नाव मध्येच बदलू नका. सेव्हच्या फाइली त्याच नावानं पडतात, नाव बदललं की गेमला स्वतःचेच सेव्ह ओळखू येत नाहीत. फाइली मात्र कार्डात तशाच असतात, त्यामुळे जुनं नाव परत दिलं की सापडतात.

मंकी आयलंडमध्ये एकाच खणात सेव्ह केलं तरी सहसा चालून जातं, कारण हे गेम तुम्हाला कायमचं कोंडून ठेवत नाहीत. सिएरा या दुसऱ्या कंपनीचे गेम तसे नाहीत. ‘किंग्ज क्वेस्ट’च्या पाचव्या भागात मांजर उंदरामागं धावतं, ते दृश्य एकदाच येतं. तेव्हा मांजरावर जोडा फेकून उंदीर वाचवला नाही, तर पुढं तळघरात दोरीनं बांधलेल्या नायकाला सोडवायला कुणी येत नाही. आपल्याला वाटतं कोडं सुटेना. खरं तर गेम केव्हाच हातचा गेलेला असतो. तिथं दहा खण वापरा, मी तर वीस वापरतो.

बटणं

हे गेम माउससाठी केलेले. हँडहेल्डवर डाव्या काडीनं बाण हलतो, बहुतेक ठिकाणी ए म्हणजे डावी क्लिक आणि बी म्हणजे उजवी. खालच्या क्रियापदांवर प्रत्येक वेळी बाण नेत बसणारे लोक मी पाहिलेत. अर्ध्या तासात अंगठा भरून येतो. उजवी क्लिक केली तर समोरच्या वस्तूला शोभेल ते क्रियापद आपोआप लागू होतं, दार असेल तर उघडतं.

तिसऱ्या भागात क्रियापदांची यादीच नाही. “ए दाबलं की नुसता चालत जातोय, काही उचलतच नाही,” असा फोन मला दोनदा आला. तिथं ए दाबून धरायचं असतं. मग सोन्याचं नाणं उगवतं, त्यावर हात, कवटी आणि पोपट: हातानं घ्यायचं, कवटीच्या डोळ्यांनी बघायचं, पोपटाच्या चोचीनं बोलायचं.

बाणाचा वेगही वाढवून घ्या. पहिल्या भागात दुकानदार तलवारबाज बाईला निरोप द्यायला निघतो आणि आपण त्याच्या मागोमाग जंगलात जायचं असतं. बाण गोगलगाईसारखा सरकत असेल तर म्हातारा निसटतो, आणि आपण समजतो कोडं अवघड आहे. निसटला तर परत दुकानात येऊन पुन्हा विचारा, तो पुन्हा निघतो.

स्टार्टचं बटण जपून दाबा. काही मशीनवर ते एस्केप असतं आणि अख्खं दृश्य ओलांडून जातं. पुढच्या कोड्याची खूण त्या दृश्यातच असायची. एखादंच वाक्य ओलांडायचं असेल तर पूर्णविरामाची कळ एखाद्या बटणावर लावून घ्या.

चौथा भाग त्रिमितीय आहे, त्यात माउसच नाही. स्वस्त मशीनवर त्याच्या नादी लागू नका.

चित्र आणि चार्जिंग, पटकन

पहिल्या दोन भागांचं मूळ चित्र ३२० बाय २००, पण ते चारास तीनच्या पडद्यावर उभं ताणून दिसायचं. ॲस्पेक्ट रेशो करेक्शन चालू करा, नाही तर सगळी पात्रं बुटकी दिसतात. ६४० बाय ४८० चा पडदा असेल तर चित्र बरोबर मावतं. रुंद पडद्यावर दोन्हीकडच्या काळ्या पट्ट्या राहू द्या.

चार्ज होत नाही म्हणून मशीन फेकू नका. काही स्वस्त मशीन दोन्हीकडं सी असलेल्या केबलनं चार्जच होत नाहीत, त्यांच्या पोर्टमधले आवश्यक रेझिस्टर गाळलेले असतात. जुन्या मोबाइलचा साधा चार्जर आणि ए-टू-सी केबल लावून बघा. आणि पत्र्याच्या खोलीत, मे महिन्यात, चार्जिंगला लावून खेळू नका. बॅटरी फुगून मागचं झाकण वर आलेलं मी पाहिलंय.

आपणच अडलो असलो तर

पहिल्या भागातली तलवारबाजी तलवारीनं जिंकता येत नाही, जिभेनं जिंकावी लागते. समोरचा टोमणा मारतो, आपण त्याला चपखल उत्तर द्यायचं. आपल्याकडच्या कलगी-तुऱ्याचे सवाल-जवाब ठाऊक असतील तर पटकन ध्यानात येईल. चूक ही होते की चार टोमणे शिकून लोक थेट त्या तलवारबाज बाईसमोर उभे राहतात. ती टोमणे नवेच मारते, उत्तरं मात्र जुनीच बसवायची असतात. त्यामुळे रस्त्यावरच्या चाच्यांशी आधी भरपूर भांडा, हरा, त्यांची उत्तरं ऐका.

काही ठिकाणी मात्र दोष आपल्या अकलेचा नसतो, भाषेचा असतो. दुसऱ्या भागात एका धबधब्यापाशी पंप बंद करायचा आहे आणि त्याला अवजार सापडत नाही. उत्तर म्हणजे दारूच्या गुत्त्यातलं पियानो वाजवणारं माकड. त्याच्या तालयंत्रावर केळं लटकवून त्याला भारून टाकायचं आणि ताठ झालेलं माकड उचलून पंपाला लावायचं. का, तर अमेरिकेत त्या अवजाराला ‘मंकी रेंच’ म्हणतात. इंग्लंडमधले लोकही स्पॅनर म्हणत असल्यामुळे तिथंच अडकले. मग बोअरची मोटार काढायला येणाऱ्या मिस्त्रीच्या तोंडून ‘पाना’ एवढंच ऐकून वाढलेल्या आपल्या पोरांची काय कथा. असल्या शब्दखेळाच्या कोड्यावर दोन दिवस घालवले असतील तर उत्तर बघून टाका, त्यात कमीपणा नाही.

भाच्याला मी उत्तर सांगितलं नाही. एवढंच म्हणालो, मोटार दुरुस्त करणाऱ्याच्या पिशवीत काय काय असतं ते इंग्रजीत लिहून काढ. चौथ्या दिवशी रात्री साडेअकराला व्हॉट्सॲपवर फोटो आला: छोट्याशा पडद्यावर पंपाला अडकवलेलं माकड, आणि खाली एकच ओळ, “मामा, हे काय कोडं झालं का?”