गच्चीवर सूर्यघड्याळ मांडताय? या चुका टाळा

‘आमचं सूर्यघड्याळ चुकतंय, जरा येऊन बघा’ असा निरोप आला की मी निघण्याआधीच ओळखतो: अर्धवर्तुळ काढून त्याचे पंधरा-पंधरा अंशांचे बारा सारखे भाग केलेले असणार. सूर्य तासाला पंधरा अंश सरकतो हे खरं, पण आडव्या फरशीवरची सावली त्या चालीनं चालत नाही. नागपूर साधारण २१.१५ उत्तर अक्षांशावर. इथे बाराच्या रेषेपासून एकची रेषा साडेपाच अंशांवर येते, दोनची पावणेबारावर, तीनची विसाच्या किंचित अलीकडे, चारची ३२ वर, पाचची ५३ वर आणि सहाची ९० वर. पहिल्या तासाला साडेपाच अंश, शेवटच्या तासाला ३६ च्या वर! अक्षांशाचा साइन गुणिले तासाच्या कोनाचा (बारापासून दर तासाला पंधरा अंश) टँजंट, म्हणजे रेषेच्या कोनाचा टँजंट. मोबाइलच्या कॅल्क्युलेटरवर दहा मिनिटांचं काम आहे, आणि तेवढंही करायचं नसेल तर छिन्नी हातात घेऊ नये.

शहरातल्या एका शाळेनं हौसेनं ग्रॅनाइटवर घड्याळ कोरून घेतलं. सावली पाडणारा काटा अक्षांशाइतका, म्हणजे २१ अंश कललेला. तिथवर सगळं बरोबर. रेषा मात्र सारख्या. उद्घाटन १४ नोव्हेंबरला, दुपारी बाराला. पाहुण्यांच्या मनगटावर बाराला दोन मिनिटं कमी असताना सावली बाराच्या रेषेवर आली आणि टाळ्या झाल्या. तीन वाजता पोरं पुन्हा बघायला गेली, तर दगडावर एक वाजून वीस मिनिटं. मग कोणीतरी पान्हा आणून काटाच फिरवला, तीनला तीन जुळेपर्यंत. दुसऱ्या दिवशी बाराही गेले. मी पोचलो तेव्हा मुलांना सांगणं चाललं होतं, ‘सूर्यघड्याळ असं अंदाजेच असतं.’ याचं मला फार वाईट वाटलं. मुलांच्या हातात काळाचा एवढा नेमका नकाशा द्यायचा आणि वर त्यालाच खोटं ठरवायचं!

काटा परत उत्तरेला लावला, नव्या रेषा आखल्या. फेब्रुवारीत पुन्हा फोन: ‘सर, आता २८ मिनिटं मागे.’ ती चूक नव्हती. आपली प्रमाणवेळ ८२.५ रेखांशाची, मिर्झापूरजवळून जाणाऱ्या रेषेची. नागपूर ७९.१ वर, म्हणून माध्यान्ह, म्हणजे सूर्य सर्वांत उंच येण्याची वेळ, इथे सरासरी साडेतेरा मिनिटं उशिरा होते. शिवाय पृथ्वीची कक्षा लंबवर्तुळाकार आणि अक्ष कललेला, त्यामुळे सूर्य वर्षभर मनगटी घड्याळाच्या पुढे-मागे होत राहतो. नोव्हेंबरच्या पहिल्या आठवड्यात आपली माध्यान्ह ११:५७ ला होते, फेब्रुवारीच्या दुसऱ्या आठवड्यात १२:२८ ला. एक दिवस जुळलं म्हणून सिमेंट ओतणाऱ्यांना मी हेच सांगतो: नोव्हेंबर आणि फेब्रुवारी दोन्ही बघा, मग ओता. माझ्या घरी पहिलं वर्षभर फक्त खडू आणि तैलरंगाचे ठिपके होते. दर रविवारी मोबाइलमध्ये सव्वाबारा झाले की सावलीच्या टोकावर एक ठिपका. वर्षाअखेरीस फरशीवर इंग्रजी आठाचा आकडा उमटतो. कोणत्या तारखेला किती मिनिटांची दुरुस्ती करायची, याचा तक्ता दगडाशेजारीच लावा. १५ एप्रिल, १ सप्टेंबर, २५ डिसेंबर या सुमाराला सरळ साडेतेरा मिनिटं मिळवायची.

उत्तर दिशा होकायंत्रावरून घेऊ नका. स्लॅबमधली सळई आणि पाण्याच्या टाकीचं लोखंडी स्टँड सुईला ओढतात. आपल्या अक्षांशावर बाराच्या आसपास काटा एक अंश चुकला तरी वेळ काही मिनिटं चुकते. मी जुनी शंकूची रीत वापरतो. उभ्या काठीभोवती वर्तुळ काढायचं, सकाळी सावलीचं टोक वर्तुळात शिरतं तिथे खूण, दुपारी बाहेर पडतं तिथे दुसरी. दोन्ही खुणा जोडल्या की पूर्व-पश्चिम. हे काम डिसेंबरात करा. तेव्हा मीटरभर काठीची माध्यान्हीची सावलीही ९९ सेंटिमीटर असते. २१ जूनला जेमतेम चार, आणि तीही दक्षिणेला! ‘घड्याळ उलटं बसलं का?’ असं घाबरून विचारणारे जूनमध्येच भेटतात. कर्कवृत्ताच्या दक्षिणेला राहणाऱ्यांनी हे धरूनच चालावं.

गच्चीला पाणी वाहून जायला उतार असतो. दगड लेव्हलमध्ये बसवा, फरशीवर विश्वास ठेवू नका.

जयपूरच्या जंतरमंतरचा फोटो बघून काटा उंच करू नका. तिथल्या सम्राट यंत्राचा (तेही सूर्यघड्याळच) कोन २७ अंशांचा आहे, कारण जयपूरचा अक्षांश तेवढा आहे.

कूलर आणि टाकी कुठे आहेत ते आधी बघा. दुपारी तीनला टाकीची सावली दगडावर आली की घड्याळ तिथेच संपतं.

काठी सरळ उभी आहे का, याची खात्री नवतप्यात, म्हणजे मेअखेरच्या कडक उन्हाच्या नऊ दिवसांत, करता येते. २६ मेच्या आसपास दुपारी १२:१० च्या सुमाराला सूर्य नागपूरच्या बरोब्बर डोक्यावर असतो. ओळंबा लावून काठी उभी करा आणि पाच मिनिटं आधीपासून बघत राहा. सावली बुंध्यात गडप व्हायला हवी. एका बाजूला उरली, तर काठी त्याच बाजूला झुकलेली आहे. पाचर ठोकून काठी सरळ करा आणि पुन्हा बघा. दुसरी संधी १७ जुलैच्या सुमाराला येते, पण तेव्हा आभाळ बहुतेक भरलेलंच असतं.