सांगलीत बसून ऑटो वेर्निकेचा माग कसा काढायचा

विष्णुदास भाव्यांनी १८४३ ला सीता स्वयंवर आपल्या सांगलीतच केलं, त्यामुळं छोट्या भूमिकेतला नट पण कधीकधी भाव खाऊन जातो हे इथं कुणाला शिकवायला नको. तीच नजर जुन्या जर्मन बोलपटांवर लावायची तर हिरोला सोडा आणि ऑटो वेर्निकेला धरा. जन्म १८९३ चा, आधी स्टेजवरचा माणूस, अंगानं भरलेला, आवाज जाड, असा नट बोलपट आल्यावर मागं कसा राहील.

सुरुवात १९३१ च्या, दिग्दर्शक फ्रिट्झ लांगच्या 'एम' पासून करा. आधी प्रिंट बघून घ्या, कापलेल्या पण फिरतात, ११० मिनिटांच्या आसपासची रिस्टोर केलेली मिळाली तर तीच घ्या. सबटायटल लावा, हेडफोन लावा आणि कृपा करून भडंग खात बसू नका, कारण यात मधेच आवाज पूर्ण बंद होतो आणि ती शांतता मुद्दाम ठेवलेली आहे, कुरुमकुरुम चालू असेल तर गेलंच सगळं. सगळे मुलांच्या खुन्याचं काम करणाऱ्या पीटर लोरेला बघत असतात, बघू दे, तुम्ही इन्स्पेक्टर लोमानवर डोळा ठेवा. पकडलेल्या चोराला तो गप्पा मारल्यासारखं बोलत बोलत घोळात घेतो, वॉचमन मेला अशी थाप मारतो, चोर घाबरून खरं ओकतो की आम्ही मुलांच्या खुन्याला शोधत होतो, आणि लोमानच्या तोंडातला सिगार खाली पडतो. हा भाग दोनदा बघा, दुसऱ्यांदा स्क्रीनकडं न बघता नुसता ऐका, भाषा कळली नाही तरी कुठं चेष्टा चाललीय आणि कुठं फास आवळतोय ते बरोबर कळतं.

लगेच दुसऱ्या दिवशी 'द टेस्टामेंट ऑफ डॉ. माबुझे', १९३३ चा, पण लांगचाच, माबुझे म्हणजे गुन्हेगारांचा सूत्रधार. तोच लोमान, तोच नट, पण इथं साहेब ऑपेराला निघालेत, निदान आज तरी पहिला अंक बघायला मिळावा म्हणून घाई चाललीय आणि नेमका फोन वाजतो. त्या फोनवरचा आवाज आणि लोमानचा बदलणारा चेहरा, मला तर हा सीन एममधल्या सगळ्या सीनपेक्षा भारी वाटतो. एक बघा, लांगनं याचं फ्रेंच व्हर्जन पण सोबतच शूट केलं, त्यात लोमान दुसराच नट आहे, तेव्हा टायटलमध्ये वेर्निकेचं नाव आहे का बघूनच पुढं जा. आपल्याकडं प्रभातनं १९३२ ला 'अयोध्येचा राजा' मराठी-हिंदी दोन्हीत काढला, डबिंग रुळायच्या आधी सगळीकडं हेच चालायचं.

आता जरा जड भाग. कागद घ्या आणि वर्षं एकाखाली एक लिहा. मार्च १९३३ मध्ये नाझी सरकारनं माबुझेवर बंदी घातली, लांग देश सोडून गेला. वेर्निके राहिला, आणि त्याच वर्षी 'एसए-मान ब्रांट' नावाच्या चक्क नाझी प्रचारपटात बापाच्या भूमिकेत दिसतो. त्याची बायको ज्यू होती, म्हणून नाझी राजवटीत काम करायला त्याला खास परवानगी लागायची. हे माहीत असल्याशिवाय पुढचे पिक्चर बघू नका, आणि माहीत झालं म्हणून लगेच माफ पण करून टाकू नका. १९४३ च्या जर्मन 'टायटॅनिक'मध्ये तो कॅप्टन स्मिथ आहे. तो पण प्रचारपटच, इंग्रजांना लोभी दाखवायला काढलेला, त्याच्या दिग्दर्शकाला, हर्बर्ट सेल्पिनला, शूटिंग चालू असताना अटक झाली आणि तो कोठडीत मेलेला सापडला. इथं लोमानचा मिश्कीलपणा शोधत बसू नका, सापडणार नाही.

शेवटचं एक, सर्च करताना १९६० नंतरचे माबुझे पिक्चर पण समोर येतील, त्यातला लोमान गेर्ट फ्र्योबे आहे, जेम्स बाँडच्या 'गोल्डफिंगर'मधला व्हिलन. चांगला नट आहे पण या यादीत घेऊ नका.