रेल्वेची धडक बसलेल्या पादचाऱ्याच्या केसचं कोडिंग कसं करावं

‘रेल्वे अपघात. जीआरपीने (रेल्वे पोलिसांनी) आणले.’ रात्री कॅज्युअल्टीत घाईघाईने लिहिलेली ही ओळ मुंबई, ठाणे, कल्याण पट्ट्यातल्या रेकॉर्ड विभागात काम करणाऱ्याला नवी नाही. पण ती माणूस रूळ ओलांडत होता की दारातून पडला, हे सांगत नाही. आणि आपला कोड नेमका त्यावरच ठरतो.

आपल्याकडची रुग्णालयं जागतिक आरोग्य संघटनेची आयसीडी-१० (आजार आणि इजांच्या कोडची यादी) वापरतात, म्हणून इथले कोड तिचे आहेत. पुणे किंवा ऐरोलीत बसून अमेरिकी रुग्णांचे चार्ट कोड करणाऱ्यांसाठी फरक शेवटी सांगते. कोडची अक्षरं मी इथे देवनागरीत लिहिली आहेत. फॉर्मवर मात्र ती इंग्रजीच टाकायची.

आधी कागद जमवा

नुसती डिस्चार्ज समरी पुरत नाही. एमएलसीची (पोलिसांना कळवायच्या केसची) नोंद, जीआरपीचा कागद आणि स्टेशन मास्तरांचा मेमो काढा. या मेमोत बहुतेक वेळा किलोमीटरच्या खांबाचा क्रमांक आणि अप-डाऊन मार्ग असतो. जागा फलाटाजवळची, फाटकावरची की दोन स्टेशनांमधली, हे त्यावरून कळतं. कॅज्युअल्टीत सवयीने ‘आरटीए’ (रस्ता-अपघात) लिहिलेलं असेल, तर त्यावर विसंबून रस्ता-अपघाताचा कोड लावू नका.

मग जखमा

दाखल रुग्णात पहिला मान जखमेच्या कोडचा, मग इजा कशी झाली त्याच्या कोडचा. समजा, समरीत असं आहे: डावा पाय गुडघ्याखाली पूर्ण तुटलेला, उजव्या टिबियाच्या (नडगीच्या हाडाच्या) मधल्या भागाचं ओपन (उघड्या जखमेचं) फ्रॅक्चर, अंगभर खरचटलेलं. तुटलेल्या पायाला एस८८.१. फ्रॅक्चरला एस८२.२ आणि ओपन असल्याचा पाचवा अंक १, म्हणजे एस८२.२१. दोन्ही पाय तुटले असतील तर टी०५.५. जिथे मोठी जखम आहे तिथल्याच खरचटण्याला वेगळा कोड देत बसू नका. ‘पॉलिट्रॉमा’ (अनेक जखमा) शब्द दिसला की टी०७ हा मोघम कोड टाकून मोकळं व्हायचा मोह होतो. आत जखमांचा तपशील असताना तसं करणं म्हणजे रुग्णाची अर्धी माहिती फेकून देणं आहे.

आता खरा प्रश्न: तो त्या क्षणी कोण होता?

इथे घाई करू नका. आयसीडीच्या व्याख्येनुसार, अपघाताच्या वेळी जो कुठल्याही वाहनात वा वाहनावर नव्हता, तो पादचारी. व्हीलचेअरवरचा किंवा हातगाडी ढकलणारा माणूसही पादचारीच. रुळावर काम करणारा ट्रॅकमनसुद्धा, फक्त त्याच्या बाबतीत ‘कामावर असताना’ हा कृतीचा अंक जोडता येतो. उलट लोकलच्या दारात लटकणारा किंवा टपावर बसलेला माणूस गाडीच्या बाहेर दिसत असला, तरी हिशोबात प्रवासीच.

त्यामुळे कागदावरचं क्रियापद शोधा. ‘धडक बसली’, ‘गाडीने उडवलं’, ‘गाडीखाली आला’, ‘फरफटत गेला’ असं काही असेल आणि प्रवासी असल्याचा उल्लेख नसेल, तर आयसीडीचा नियम स्पष्ट आहे: पादचारी धरा, व्ही०५. ‘गाडीतून पडला’ असेल तर व्ही८१.६. चढता-उतरताना जखमी झाला असेल तर व्ही८१.४.

आणि फक्त ‘रेल्वे अपघात’ असेल तर? आयसीडीची अनुक्रमणिका तुम्हाला व्ही८१.९ वर नेते, म्हणजे गाडीतला प्रवासी. एका मोघम ओळीमुळे रूळ ओलांडताना जखमी झालेला माणूस प्रवाशांच्या आकड्यात जाऊन बसतो. पादचारी पूल कुठे हवा, कुंपण कुठे घालायचं, हे ठरवायला जे आकडे लागतात, त्यांतून तो नाहीसा होतो. म्हणून अशी ओळ दिसली की मी डॉक्टरांना लेखी प्रश्न पाठवतेच. प्रश्न सरळ विचारा: ‘इजा नेमकी कशी झाली, ते कृपया नोंदवावे.’ ‘रूळ ओलांडताना झाली ना?’ असं उत्तर तोंडात घालणारं विचारू नका.

दुसऱ्या बाजूनेही सांभाळा. १९८९ च्या रेल्वे कायद्यात प्रवासी गाडीतून चुकून पडला तर भरपाईची तरतूद आहे, रूळ ओलांडणाऱ्यावर मात्र कलम १४७ (रेल्वेच्या हद्दीत बेकायदा शिरणं) लागू शकतं. रुग्णाच्या घरच्यांकडे बघून जीव तुटतो, हे मला माहीत आहे. तरी कागदात नाही ते कोडमध्ये आणू नका, ना त्यांच्या बाजूने, ना विरुद्ध.

चौथा अंक

व्ही०५.० म्हणजे सार्वजनिक रस्त्याबाहेर, व्ही०५.१ म्हणजे सार्वजनिक रस्त्यावर, व्ही०५.९ म्हणजे कळत नाही. दोन स्टेशनांमधला रूळ हा सार्वजनिक रस्ता नव्हे, तिथे ०. रस्ता रुळांना ओलांडतो त्या फाटकावर १. लोकलची वर्दळ बघून ‘ट्रॅफिक’, म्हणजे १, समजणं ही नवशिक्यांची नेहमीची चूक.

हेतू

व्ही०५ हा अपघाताचा कोड आहे. डॉक्टरांनी किंवा पोलिसांनी आत्महत्येचा प्रयत्न नोंदवला असेल तर एक्स८१, आणि जागेचा अंक: रूळ असेल तर ८, स्टेशन असेल तर ५. कुणी ढकललं असेल तर वाय०२. तपासूनही हेतू ठरवता आला नाही, असं नोंदवलेलं असेल तरच वाय३१. हेतूबद्दल कागद गप्प आहे, एवढ्यावरून वाय३१ लावायचा नाही. आणि रात्री दोन वाजता एकटाच रुळावर होता, एवढ्यावरून एक्स८१ तर मुळीच नाही.

रुग्ण दगावला तर

इथे क्रम उलटतो. मृत्यूच्या आकडेवारीत मूळ कारण म्हणून बाह्य कारणच (इजा कशी झाली ते), म्हणजे इथे व्ही०५.०, धरलं जातं. म्हणून फॉर्म ४ वर (मृत्यूच्या कारणाच्या प्रमाणपत्रावर) ‘रक्तस्रावाने शॉक’ एवढंच लिहून थांबलेलं असेल, तर इजा कशी झाली तो रकाना भरून घ्या.

अमेरिकी चार्ट असेल तर

तिथे आयसीडी-१०-सीएम ही अमेरिकी आवृत्ती चालते. पायी चालणारा, रस्त्याबाहेरचा अपघात, पहिले उपचार: व्ही०५.००एक्सए. पुढच्या फेऱ्यांना शेवटी ए ऐवजी डी, कायमच्या परिणामांना एस. डावा पाय गुडघ्याखाली पूर्ण तुटला असेल तर एस८८.११२ए. रूळ ही जागा वाय९२.८५, तीही पहिल्याच भेटीत एकदा. मोबाइल वापरत होता असं लिहिलेलं असेल तर वाय९३.सी२. बाह्य कारणाचा कोड मुख्य निदान म्हणून कधीच पहिला येत नाही.

आपल्याकडे तोच रुग्ण वर्षभराने कृत्रिम पाय बसवायला परत येतो. तेव्हा जुना व्ही०५ पुन्हा लावला जाताना मी पाहिलाय, आणि एकच अपघात दोनदा मोजला जातो. त्या भेटीला झेड४४.१ द्या, जोडीला परिणामांचे टी९३.६ आणि वाय८५.९.