सव्वा मूठ गहू आणि माझी फसलेली कथा

बोलीतली, घरातली कथा लिहायला घेतलीत म्हणजे पात्र, प्रसंग, शेवट हे सगळं तुम्हाला ठाऊक असणार. मी फसले ते भलत्याच जागी, तेवढंच सांगते.

श्रावणात, नागपंचमीनंतरच्या रविवारी आमच्याकडे धुळ्याला कानबाई देवी बसते. रोटासाठी, म्हणजे तिच्या नैवेद्यासाठी, घरातल्या प्रत्येक पुरुषाच्या नावानं सव्वा मूठ गहू मोजतात, अगदी पाळण्यातल्या पोराच्याही. नऊ वर्षांची असताना मी आजीला विचारलं, "मना नावनी मूठ कोठे शे?" हात न थांबवता ती म्हणाली, "तुनी मूठ तुना सासरले." कथा खरं तर एवढीच होती.

एका जाणत्या लेखकांनी सल्ला दिला: तुमची अहिराणी बोली संवादात ठेव, निवेदन असं कर की पुण्या-मुंबईच्या वाचकाला अडणार नाही. मी ऐकलं. कथा सुरू झाली, "कानबाई हा खानदेशातील महत्त्वाचा लोकोत्सव आहे." आता हे वाक्य कोण बोलतंय ते बघा. ती नऊ वर्षांची पोर नक्कीच नाही. तिला लोकोत्सव म्हणजे काय तेच माहीत नाही. बोलतोय तो वही घेऊन ओसरीवर टेकलेला पाहुणा. आजी बोलते अहिराणी, तिच्याकडे बघणारे डोळे परके. मग रोट आला की रोटाची माहिती, नारळ आला की नारळाची. शेवटी मी ३४ शब्दांचे अर्थही जोडले. कथा साभार परत आली. यायलाच हवी होती.

घाबरू नका, सगळं निवेदन बोलीतच हवं असं नाही. मलाही झेपत नाही. वसतिगृहात राहून माझी अहिराणी पार घासली गेलीय, फोनवर आई अजून सुधारते. प्रमाण मराठी चालते, फक्त सांगणारा घरातला हवा. दुसरा खर्डा असा सुरू झाला: "यंदा अकरा नावं झाली. गेल्या साली दहा होती, मग काकूला मुलगा झाला." कानबाई कोण, हे कुठंच सांगितलं नाही. कोल्हापूरच्या मैत्रिणीला तरी सगळं कळलं.

आणि हो, बोली म्हणजे फोडणी नव्हे, की चार शब्द टाकले आणि झालं. अहिराणी म्हणजे बहिणाबाईंची भाषा, असं लोक बिनधास्त सांगतात. बहिणाबाईंची लेवा गणबोली, ती वेगळी. मीही हौसेनं दोन लेवा शब्द आजीच्या तोंडी घातले होते, आईनं लगेच पकडले. पंधरा दिवसांत कथा शिकवणाऱ्या शिबिरांना पैसे देण्यापेक्षा घरच्या माणसाला मोठ्यानं वाचून दाखवा. तो जिथं हसू नये तिथं हसला, की ते वाक्य काढा.

कथा छापून आल्यावर आईला वाचून दाखवली. तिनं एकच चूक काढली. त्या वर्षी नावं बारा होती. धाकटा काका भांडून सुरतेला गेला होता, पण त्याची मूठ आजीनं मोजली होती.